मडवळाची वही

त्यांनी मागे काहीच ठेवलं नाही.
शपथा तोंडी, नावं मेणबत्तीवर जाळलेली,
सभा अमावस्येला, आल्तिनोच्या उतारावरच्या घरात,
शिंपल्यांच्या खिडक्या आतून घोंगड्यांनी झाकून.

पण कपडे धुवायला टाकावेच लागतात.

ही वही झिलो मडवळाची. माझ्या पणज्याचा बाप.
आमची लाँड्री अजून मळ्यातच आहे,
झरीपासून चार घरं सोडून.
अक्षर पंतोजीचं, घाईची मोडी. तोंड झिलोचं.

«पांढरे झगे अकरा. टोप्या अकरा, डोळ्यांपुरती भोकं.
मेणाचे डाग. दारूचे डाग.
एकावर रक्त. कुणाचं ते सांगितलं नाही,
मी विचारलं नाही. थंड पाण्यात भिजत घातलं.»

अकरा पाखले.
एकमेकांना ते नावाने हाक मारत नसत,
हातावर बोटाने काहीतरी खूण करत म्हणे.
झिलोची खूण वेगळी.
बिब्ब्याच्या रसाने, गळपट्टीच्या आतून,
एक ठिपका, दोन ठिपके, तीन,
कापड विरेल तरी न विरणारे.
कुणाच्या गुपितात बिब्बा घालायचा
असं काही त्याच्या मनात नसावं.
झगे मिसळू नयेत, इतकंच.

सहा ठिपके म्हणजे त्यांचा पुढारी.
मागच्या दारी गाठोडं घेऊन उभं असताना
झिलोने त्याला ऐकलंय.
पाखल्यांच्या भाषेतले सतराच शब्द येत त्याला,
त्यातला एक रक्त.
त्या रात्री तो शब्द इतक्यांदा आला
की झिलोला वाटलं, आत कुणी मेलं.

«सहा ठिपके. गळपट्टीवर तांदळाची भुकटी, बोटभर थर.
गाठोडं पोचवायला आज लवकर गेलो.
पात्रांव आरशापुढे. तोंड झालं होतं, मान राहिली होती.
मान आमच्या रंगाची.»

इथे पंतोजीने आडवी रेघ मारलीय.
घाबरला असेल, किंवा शाई संपली.
पुढे नुसता हिशेब. रिठे. नीळ. पेज.

पांढरं पांढरं दिसायला निळ्याची भेसळ लागते,
आमच्या घरात हे पोरांना पाढ्यांआधी कळतं.
आणि त्या टोप्या ताठ उभ्या राहायच्या
आमच्याच चुलीवरच्या उकड्या तांदळाच्या पेजेने.
झिलोची बायको त्या दिवशी काय जेवली
ते वहीत नाही.

परवा हे सगळं मी एका जुन्या गिऱ्हाइकाला सांगितलं.
देवळाचे महाजन आहेत, पिढीजात.
पोट धरून हसले. पाखले, म्हणाले, आणि रक्त!
डोळे पुसले त्यांनी.
मग त्यांचं उपरणं मोजून घेतलं मी, नग एक,
पालखीच्या दिवशी खांद्यावर घ्यायचं.
ते उपरणं गाभाऱ्यापर्यंत जातं.
मी सभामंडपापर्यंत.
हल्ली आम्ही कागदाचे टॅग लावतो.
त्याला मात्र काठाच्या आत
बिब्ब्याचा ठिपका लावला. एकच.

वहीचं शेवटचं पान वैशाखातलं.

«झगा बारावा. आखूड. नऊ वर्षांच्या पोराच्या मापाचा.
टोपीची भोकं मोठी होत होती,
कुणीतरी दोऱ्याने लहान केलीत, टाके बाईचे.
छातीवर काजूबोंडाचा डाग.
आमचा पुनोही काल डोंगरावर होता,
त्याच्या सदऱ्यावर तसाच.

रिठा लावला. लिंबू लावलं. तीन उन्हं दाखवली.
काजूचा डाग जात नाही, माहीत होतं.
तसाच घडी करून दिला.
पैसे घेतले नाहीत.
ठिपका घातला नाही.»